न पाहिलेले एकशे एकोणपन्नास

१२ जून २०२५, फुनाबोरी, टोकियो

एकशे एकोणपन्नास! टीव्हीसमोरून माझा नवरा देवदत्त ओरडला, "गेला! थेट वरच्या गॅलरीत!" तेव्हा मी नेहमीप्रमाणे सिंककडे तोंड करून उभी. लेक होमरन मारतो आणि आई भांडी घासते. नियम म्हणजे नियम.

अद्वय आठ वर्षांचा असताना आम्ही पुण्याहून इथे जपानला आलो. शाळेच्या पहिल्या बेसबॉल सामन्यात मी बघितलं की त्याची बॅट नुसती हवेत फिरायची. पोळीभाजीचा डबा उघडायला मान खाली घातली आणि चेंडू जाळीपलीकडे! तेव्हापासून तो बॅटिंगला आला की मी बघत नाही. क्रिकेटची मॅच रंगात आली की माझे बाबा घरात कुणाला जागचं हलू द्यायचे नाहीत, त्यातलाच प्रकार. ओसाकाच्या संघात त्याला तेरा वर्षं झाली. एकही होमरन मी पाहिलेला नाही. अभिमान मात्र पोटात मावत नाही!

१४ जून

स्टेशनवर शेजारची विभा भेटली. "अहो, अद्वयचा फोटो आलाय पेपरात!" मी म्हटलं, "हो का?" कात्रण पर्समध्येच होतं.

३० जुलै

अद्वयचं मनगट पुन्हा दुखावलं. दुसऱ्या फळीच्या संघात पाठवलाय. देवदत्त म्हणतो, "तू किचनमध्ये असताना तो हजारदा आऊट झालाय, त्याचं काय?" या माणसाशी बोलूच नये.

१५ सप्टेंबर

अद्वयचा फोन. निवृत्त होतोय. एकतीस हे काय वय आहे! निरोपाचा सामना ओसाकात, एकदाच बॅटिंग मिळणार. एक मारला की दीडशे.

मी म्हटलं, येते. तो म्हणाला, "आई, या वेळी बघशील? शाळेत सगळ्यांच्या आया जाळीला चिकटून ओरडायच्या. तू डब्यात बघायचीस. मला वाटायचं, तुला माझं बेसबॉल आवडतच नाही."

इतकी वर्षं पोरानं हे मनात ठेवलं! मी नुसतं "बघू" म्हणून फोन ठेवला. खरं कारण सांगायचं तर किती खुळं वाटतं आता.

२७ सप्टेंबर, ओसाका

निरोप घेणाऱ्याला समोरचा पिचर मानानं सरळ चेंडूच टाकतो. वळवत नाही, फसवत नाही. सगळं मैदान एका सुरात, "कात्तोबासे, आदोवाई!" उडव म्हणे, अद्वय! एवढी माणसं माझ्या लेकाला हाका मारतायत!

पहिला चुकला. दुसरा चुकला. माझी मान आपोआप खाली जायला लागली. दीडशे व्हायला हवेत ना? मग बघू नकोस, बाई! पण तो फोन आठवला. देवदत्तचा हात घट्ट धरला आणि बघितलं.

तिसराही चुकला. तीन चुकले, आऊट.

पण काय फिरवतो हो बॅट! अख्खं अंग वळतं, टाच मातीत रुतते, हेल्मेट डोळ्यांवर येतं. तेरा वर्षं परके लोक हे बघत होते आणि मी भांडी घासत होते! मी उठून जाळीपाशी गेले आणि घसा बसेपर्यंत ओरडले. मराठीत. रडू आलं ते वेगळंच.

२८ सप्टेंबर

आज अद्वयला माझा नियम सांगितला. वाटलं, चिडेल. तर म्हणाला, "मग ते एकशे एकोणपन्नास तुझे, आई. कालचा आऊट तेवढा माझा."