कोरं सारवण

३ फेब्रुवारी, सोमवार

सिनेमावाल्यांनी पाटण रस्त्याच्या माळावर घर बांदलंय. खोटं! पुढनं घर, मागनं बांबू. विजयमाला आत्याला तितं अंगण सारवायचं काम मिळालं, तिनं मला बी वडलं. "घरात बसून भित्ती बगतीस, तितल्या बगायला चल की पूजे."

ह्या घराची मालकीण म्हंजे रशीदामॅडम. प्रॉडक्शन डिझायनर. घर कसं दिसायचं, ताट कुठलं, भित्तीला डाग कुटं — सगळं ती ठरवती. नव्या भित्तीवर डाग पाडायला ही बाई मुंबईस्नं आली! आमच्यात ये म्हणावं, डाग तयार हायत.

४ फेब्रुवारी

अकरा पिक्चर केल्यात म्हणं मॅडमनी. आदी सांगलीत नाटकाचे पडदे रंगवायची, मग मुंबईत धा वर्सं दुसऱ्याच्या हाताखाली. आत्या देवाचं सांगावं तसं सांगत हुती.

अकरा पिक्चर करून शेण्या थर्माकोलच्या! साच्यातनं काढल्यागत. एकीवर बी बोटं उमटली न्हाईत. हात न लावता शेणी थापणारी बाई कुठल्या गावात असती?

कोनाड्यात दिवा, आन काजळी दिव्याच्या खाली!

जात्याच्या खुंट्याला चिखल फासलाय, जुना दिसावा म्हणून. हात लागून लागून लाकूड चकाकतं, मळत न्हाई.

बोललो का? न्हाई. हितं लिवतोय.

६ फेब्रुवारी

आज तोंड उघडलं आन पस्तावलो. मॅडमचा असिस्टंट — केसाचा बुचडा, चड्डीवर फिरतो — म्हणला, "चाललीस?" मी म्हणलो, "व्हय, जातो." खी खी हसला. "जातो? तू मुलगा आहेस का?" सगळी हसली. मॅडम लांब हुती. नुसती बगत ऱ्हायली.

नववीत बाईंनी हेच केल्तं. "मी आलो" म्हणलो तर फळ्याजवळ उभं करून धा बार "मी आले" म्हणायला लावलं. आमच्यात सगळ्या बायका असंच बोलत्यात — आई, आत्या, आजी. तवापास्नं तोंड बंद. मग शाळा बी बंद.

मर म्हणावं त्येला. चड्डीवाला!

७ फेब्रुवारी

मॅडम दिवसभर एका कडीच्या मागं. दार ढकलताना हात कुटं लागतो, ते बगती. आदी तेल लावलं, मग राख, मग परत तेल. येड लागलंय.

१० फेब्रुवारी, सोमवार

सांजंला मी आन आत्यानं अंगण सारवलं. लय झ्याक झालं. मी रांगोळीचा डबा उघडला तर आत्या म्हणली, "नगं म्हणल्यात मॅडम. तसंच ऱ्हाऊ दे."

कोरं! कोरं सारवण कवा ठेवत्यात? घरात मयत झाल्यावर! एरवी सारवलं की एक बोट तरी रांगोळी ओढायची, हे आमच्यातली बारकी पोरगी बी सांगंल. पर मॅडम पडली मुसलमान. तिला काय ठावं!

आत्याला म्हणलो, जाऊन सांग की. "तू सांग. मला काय त्येंचं कळतंय?"

मी सांगणार! मी!

११ फेब्रुवारी

सकाळी आत्याच्या आदी गेलो. उंबऱ्याम्होरं पाच ठिपके, दोन रेघा. मनात म्हणलो — घे, तुझी अब्रू राखली.

११ फेब्रुवारी, सांजचं

काय केलं मी हे.

सीन मयताचाच हुता. पोरगा फौजेतनं सुट्टीवर येतो. आई मेलीया, त्येला कुणी कळवलं न्हाई. दारात येतो, कोरं अंगण बगतो, आन त्येला कळतं. बोलायचं एक अक्षर न्हाई. सगळं त्या अंगणावर!

कॅमेरा लावला आन तितं माझे पाच ठिपके. पुसायला गेलं तर सारवण उकरतंय. नवं सारवलं तर वाळस्तवर सकाळचं ऊन जातंय. गेलंच. दिवस बुडाला.

दिग्दर्शक मॅडमवर लय वरडला, सगळ्यांम्होरं. ती एवढंच म्हणली, "चूक माझी." मग आत्याकडं आली.

"विजयमालाबाई, मयताच्या घरात तेराव्यापतूर रांगोळी कोण घालतं? मी ल्हान हुतो तवा शेजारच्या सुलाबाई गेल्या. कवठ्याला. त्येंचं कोरं अंगण मी रोज बगत हुतो."

हुतो! होते न्हाई — हुतो!

कवठेमहांकाळची हाय ती. आमच्यातलीच.

आत्यानं माझ्याकडं एकडाव बगितलं. "मीच काढली," म्हणली. मॅनेजरनं तिला सांगितलं, उद्यापास्नं येऊ नगंस. मी तितंच उभारलो.

१२ फेब्रुवारी

आत्या घरात. भाकरी थापता थापता आपलीच म्हणली, "बरं वाटत हुतं गं तितं. कुणीतरी इचारत हुतं — बाई, हे असं का, ते तसं का."

माळावर गेलो. मॅडम कडीजवळच. "काय गं?" म्हणली. माझं पाय पळायला बगत हुतं. मग पिशवीतनं वही काढली आन तिच्या हातात दिली. सगळी. थर्माकोल, येड, मुसलमान, पाच ठिपके — सगळं हाय तिच्यात.

पळालो.

हे कॅलेंडरच्या पाठकोऱ्या पानावर लिवतोय.

१४ फेब्रुवारी

वही आली. चड्डीवाल्यानंच आणून दिली. हसला न्हाई.

शेण्यांम्होरं पेन्सिलनं बरोबरची खूण. काजळीम्होरं बी. जात्याम्होरं दोन.

"तिला काय ठावं" — त्येच्या खाली एक रेघ. नुसती रेघ.

मागच्या पानावर लिवलंय: "शेण्या तुमच्या दोघींच्या हातच्या पाहिजेत, बोटं उमटलेल्या. आत्याला घेऊन ये. मी वाट बगतो."