'कार्ड आत घाला'

चि. भाचेबुवांस मामाचे भरभरून आशीर्वाद. तू खुशाल असशीलच. नव्या नोकरीची स्वप्नं पाहणाऱ्यांना सहसा काही होत नाही. आम्ही दोघंही बरे आहोत. आजारी पडली ती फक्त कार्ड वाचणारी डबी.

तुझ्या अनुभवाच्या दाखल्यावर शुक्रवारी पाचच्या आत माझी कार्डाने होणारी डिजिटल सही झाली नाही, तर परगावची नोकरी दुसऱ्याला जाणार, हे तू इतक्यांदा बजावलंस की सोमवारी पाण्याचे नमुने तसेच ठेवून मी प्रयोगशाळेतल्या संगणकापुढे बसलो. कार्ड घातलं. पडद्यावर आलं, 'कार्ड आत घाला'. काढून पुन्हा घातलं. पुन्हा तेच. (सहा वर्षं माझ्या हाताखाली असताना तुलाही एकदा सांगून कधी कळलं नाही, त्यामुळे मी शांत होतो.) मग तुझी शिकवणी आठवली: ड्रायव्हर म्हणजे डबी आणि संगणक यांच्यामधला दुभाष्या, आणि यादीत डबीपुढे पिवळं चिन्ह दिसलं तर दुभाष्या बिघडला समजायचं. चिन्ह नव्हतं. तरी मी तो काढला, नवा बसवला, संगणक बंद करून चालू केला, डबीची वायर मागून काढून पुढे खुपसली. हिरवा दिवा लागला, पण संगणकाचा हेका सुटेना. असं चार वेळा केलं आणि चारही वेळा हा ड्रायव्हर निवडणाऱ्या तुझा उद्धार केला. घरी हे ऐकून मामी म्हणाली, "नाचता येईना, अंगण वाकडं." मी दुर्लक्ष केलं.

असो. सही झाली, दाखला सोबत जोडला आहे. ड्रायव्हर मात्र टाकाऊ निवडलास, हे माझं मत कायम आहे.

तुझा,
मामा

ता. क. ड्रायव्हर ठणठणीत होता. कार्डावरचा सोनेरी तुकडा घासू नये म्हणून मामीने त्यावर पारदर्शक चिकटपट्टी लावली होती. (घरात रिमोट आणि वजनकाटा झाल्यावर लावायला तेवढंच उरलं होतं.) "वस्तू जपली, तेही चुकलं का?" असं वर मलाच विचारते.

आणखी एक. ती पट्टी सोमवारी संध्याकाळीच निघाली. सही मी आज, शुक्रवारी साडेचारला केली. मधले दिवस तुझा दाखला उघडून नुसता वाचत होतो. त्यात एकही शब्द वाढवून लिहिलेला नाही. तू चाललास, याचं मला फार वाईट वाटतंय.

आणि शेवटचं. या गडबडीत प्रिंटरचाही ड्रायव्हर निघाला आहे. फोनवर सांगू नकोस, मला कळत नाही. जाण्याआधी एक दिवस येऊन बसवून दे. (तो चुकून निघालेला नाही. मीच काढला.)