दारात बसलेल्या बाईचा शॉट

भाऊ, काल आरमोरीच्या पुढे माझ्या नव्या पिक्चरसाठी एक गाव बघायला गेले होते. तिथल्या सरपंचबाईंनी चहा दिला आणि सरळ विचारलं, "तुमी आमच्याबद्दल काय दाखवणार?" या प्रश्नाला मी नेहमी अडखळते. मग तुमची आठवण येते, आणि ती चांगली येत नाही. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी राग निवत नाही.

झाडीपट्टीच्या नाटक कंपनीत मी कपडेपट सांभाळायची. तुम्ही एक प्रयोग पडद्यामागून पाहिलात आणि म्हणालात, "एवढ्या गोंधळात तुझा आवाज चढत नाई. माझ्यासंग पिक्चरच्या कामाले चल." चंद्रपूरच्या बाजारात मला बूट घेऊन दिलेत, माझे पहिले. परवानग्या, जेवणं, जनरेटरची गाडी, नटांचे रुसवे, सगळं तुमच्याकडून शिकले. एकदा गोंडपिपरीकडे एका शेतकऱ्याला मी सांगून बसले की त्याच्या धानाला धक्का लागणार नाही, आणि आमची गाडी त्याची बांधी, उभ्या धानाचं शेत, तुडवत गेली. तुम्ही सगळ्या युनिटसमोर मला झापलंत. "आपण उद्या निघून जाऊ, त्याले इथीच राहाचं हाय. खोटं सांगून जागा घेऊ नको." खूप लागलं होतं ते. पण पुढे तेच धरून मी काम केलं.

म्हणून तर कुरखेड्याजवळच्या आमच्या गावात तुमचा पिक्चर करायचं ठरलं, तेव्हा घरोघरी शब्द मीच दिला. गोष्ट मोहफुलं वेचणाऱ्या एका मुलीची होती. माझ्या मोठ्या मायनं, म्हणजे बापाच्या थोरल्या भावाच्या विधवेनं, शूटिंगला आपलं घर दिलं. तिच्याच चुलीवर भात शिजतो आहे, तुम्ही पाटावर बसून लाखोळीचं वरण मागून मागून खाता आहात, ती पदर तोंडाला लावून हसते आहे. जेवण झाल्यावर तुम्ही तिला म्हणालात, "बाई, दारात बसा. मी विचारन, चहा ठेवला का? तुमी फक्त मान हलवा." तिनं माझ्याकडे पाहिलं. "मले का समजते पिक्चर? तू म्हणतेस तं बसतो."

तयार पिक्चर मी तुमच्या शेजारी बसून पाहिला. गोष्ट बदलली होती. आता त्यात पोलीस होते, चकमक होती. फौजदार विचारतो, "खबर पक्की?" आणि मोठी माय आपल्या दारात बसून मान हलवते. पुढच्या दृश्यात गावातला एक जण मरून पडलेला.

दुसऱ्या दिवशी मी तुमच्या घरी आले. "भाऊ, तो शॉट काढा. तिले लोकं खबरी समजतीन."

तुम्ही सुपारी कातरत होतात. "अवं, पिक्चर हाय. समजते लोकांले."

"जंगलातल्या बंदूकवाल्यांले समजन?"

"तो शॉट काढला तं पिक्चरमंधी काही उरत नाई. तू जास्त विचार करून राह्यली."

शहरातून आलेला कुणी असता तर म्हटलं असतं, त्याला काय ठाऊक. तुम्ही तर याच मातीतले. खबरी ठरलेल्या माणसाचं आमच्याकडे काय होतं, हे तुम्हाला माझ्याइतकंच माहीत होतं. माहीत असूनही तुम्ही तो शॉट ठेवलात.

पिक्चर बाहेर गाजला आणि मग गावातल्या मोबाईलवर आला. विहिरीवर बायका मोठ्या मायशी बोलेनाशा झाल्या. मग दोन अनोळखी माणसं दाराशी येऊन तिचं नाव विचारून गेली. कळताच मी गाडी घेऊन धावले. निघताना ती आपल्या कोंबड्या शेजारणीला द्यायला गेली, तर शेजारणीनं दार लावून घेतलं. तेव्हापासून ती गोंडपिपरीला लेकीकडे आहे. गावातल्या घराचं छप्पर खाली आलं.

तुमच्या शोकसभेत सगळे सांगत होते, भाऊ किती माणसं जपायचे. मला उठवलं. "काम भाऊंनी शिकवलं," एवढंच म्हटलं आणि खाली बसले. आता मी स्वतः पिक्चर काढते. तयार झाला की आधी त्या गावात दाखवते, कुणी काही काढा म्हटलं तर काढते. यापायी दोन दिग्दर्शक मला सोडून गेले. सरपंचबाईंना काल हेच सांगितलं. त्यांचा विश्वास बसला नाही, आणि मला त्यांचं बरोबर वाटलं.

हे पत्र कुणाला दाखवायचं नाही, मोठ्या मायला तर नाहीच. ती एकदा म्हणाली होती, "तुनं भाऊले सांगतलं नाई का, माझं तोंड काढून टाक म्हणून?" मी म्हटलं, भाऊ तेव्हा फार आजारी होते, माझं बोलणं त्यांच्यापर्यंत गेलंच नाही. "मंग त्याचा का दोष," ती म्हणाली, आणि मी तिला तसंच समजू दिलं.