आडवा वाळत घातलेला स्वेटर

आदरणीय साडूभाऊंना,

धाकट्या साडूचा ओल्या हातांनी केलेला नमस्कार. तुमची पाठ आता बरी असेल अशी आशा आहे, कारण हे वाचून ती पुन्हा धरण्याचा संभव आहे. (बसून वाचा.) पत्र मुद्दाम तुमच्या कचेरीच्या पत्त्यावर धाडतो आहे. फोन केला असता, पण तुमचा फोन घरी कोण उचलतं हे दोघांनाही ठाऊक आहे, आणि तुमच्या हिला कळलेली गोष्ट आमच्या हिला कळायला चहा गाळण्याइतकाही वेळ लागत नाही. वाचून झालं की फाडा. नुसतं चुरगाळून टोपलीत टाकू नका.

विषय सासूबाईंनी विणलेल्या स्वेटरचा आहे. दोघी मुलींना एकाच लोकरीचे, एकाच मापाचे दोन स्वेटर त्यांनी विणले, आणि ते पुरे होता होताच डोळ्यांनी दगा दिला. डॉक्टरांनी सुया कायमच्या ठेवून द्यायला सांगितल्या, म्हणजे हे शेवटचे. आमची ही त्यांना आणायला गेली आहे. रविवारी दोघी येतील. आईसमोर तोच स्वेटर घालायचा हे तिने कधीचं ठरवलं होतं, पण निघण्याच्या गडबडीत तो धुवायचा राहिला. दारात चपला घालता घालता तिने माझ्याकडून पाठ करून घेतलं: कोमट पाणी, हलका हात, पिळायचा नाही, सावलीत आडवा वाळत घालायचा. आणि जिन्यावरून मागे वळून म्हणाली, "आईला आता फारसं दिसत नाही, पण ती हात लावून बघते."

साडूभाऊ, मी एकूण एक सूचना पाळली. कोमट म्हणजे किती, यासाठी तान्ह्या बाळाच्या अंघोळीसारखं कोपर बुडवून पाहिलं. साबण नको म्हणून माझा शाम्पू वापरला. (माझ्या डोक्यावर त्याला तसंही काही काम उरलेलं नाही. हसू नका, तुमचीही पाळी येईल.) हात इतका हलका ठेवला की फेस व्हायलाच अर्धी सकाळ गेली. खळबळून घेतल्यावर मात्र तो बालदीतलं सगळं पाणी पिऊन बसला होता. उचलताना मला आपल्या मेहुण्याच्या लग्नात आपण दोघांनी उचललेली बॅग आठवली. तरी पिळला नाही. तसाच निथळत गॅलरीत नेला आणि दोरीवर आडवा घातला. एक बाही या टोकाला चिमट्याने, दुसरी त्या टोकाला, मध्ये अंग लोंबतं. याहून आडवं काय असतं?

दुपारी खालच्या मजल्यावरच्या बाई वर आल्या. त्यांच्या खिडकीत कोणीतरी वरून डोकावतंय असं त्यांना वाटलं होतं. गॅलरीत जाऊन पाहतो तो स्वेटरचा घेर कठड्याखाली उतरलेला आणि बाह्या दोन्ही भिंतींना भिडायच्या बेतात. बाई म्हणाल्या, "अहो, आडवा म्हणजे चटईवर निजवून! दोरीवर नाही."

आता मला सांगा, यात माझं काय चुकलं? दमलेला माणूस आडवा होतो तोही आडवा, मांजर आडवं जातं तेही आडवं, आणि तुम्ही जेवणावर हात मारता तोही आडवाच. त्यातला नेमका कुठला आडवा, हे दारात उभ्या उभ्या कोण विचारतं? लाँड्रीवाल्याकडे नेला तर तो उलगडून बराच वेळ बघत राहिला आणि म्हणाला, "साहेब, आधी माणूस किती उंच आहे ते सांगा." गरम पाण्याने लोकर आटते असं ऐकलं होतं. गॅसवर पातेलं चढवलं आणि उतरवलं. माझ्या हातून एकदा बिघडला तो बिघडला; दुसऱ्यांदा बिघडला तर तो पुन्हा विणणारं कोणी नाही.

हिचा रोज फोन येतो. "वाळला का?" "वाळला." "आडवाच घातलात ना?" "अगदी आडवा." यातलं एकही वाक्य खोटं नाही, तरी फोन ठेवला की मला पाणी प्यावं लागतं. सासूबाईंचे हात त्या बाहीवरून फिरतील आणि मध्येच थांबतील, हे चित्र डोळ्यांपुढून हलत नाही. मला हिच्या रागाची सवय आहे. या गोष्टीची नाही.

असो. मुलांना आशीर्वाद, तुमच्या हिला नमस्कार. (सांगू नका.)

तुमचा,
धाकटा साडू

ता. क. : पत्र सहज खुशाली कळवायला लिहिलं आहे. जमल्यास तुमच्या हिच्या कपाटातला तिचा स्वेटर गुपचूप काढून शनिवारपर्यंत माझ्या कचेरीत पोचवा. सासूबाई परत गेल्या की लगेच पाठवतो. विचारलंच तर कसर लागली म्हणून सांगा.

ता. क. दुसरा : पत्र खिशातच राहिलं आणि दोघी एक दिवस आधीच येऊन थडकल्या. हिने कपाट उघडलं, स्वेटर उलगडला, माझ्याकडे पाहिलं आणि तो तसाच अंगात घातला. बाह्या दुमडत बसली तेव्हा तिचे डोळे भरले होते. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग ती आईच्या शेजारी जाऊन बसली. सासूबाईंनी बाही चाचपली, खांदा चाचपला, कमरेजवळची सैल लोकर मुठीत धरली. त्या हळूच म्हणाल्या, "किती वाळलीस गं बाई. माझं माप कधी चुकलं नाही." हिने माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "काम फार पडतं गं, आई."

तेव्हापासून घरातली धुणीभांडी माझ्याकडे आहेत, आणि हिच्या ताटात मी पुरेसं वाढतो की नाही यावर सासूबाई कान देऊन बसलेल्या असतात. तेव्हा तुमचा स्वेटर मुळीच पाठवू नका. मापाचा निघाला तर माझी धडगत नाही. पुढच्या महिन्यात त्या तुमच्याकडे येणार आहेत. तिथे थोरलीच्या अंगात तो नीट बसला, की दोन्ही जावयांची तुलना झालीच म्हणून समजा. एवढी कृपा करा, तुमच्या हिचाही एकदा हाताने धुवून टाका. कृती वर सविस्तर दिली आहे, म्हणून पत्र इतक्यात फाडू नका.