चेंबरमधली दहा मिनिटं

अण्णा, तुम्हाला जाऊन एकोणीस वर्षं झाली, आणि आपलं बोलणं तुटलं त्याला पंचवीस. एवढ्या वर्षांत मी मराठीत एकही पत्र लिहिलेलं नाही, तेव्हा चुका होतील. घरात मी एकटीच असते. तुमचा जावई दोन वर्षांपूर्वी गेला. मुलगा बंगळुरात असतो, रविवारी फोन करतो, कन्नडात बोलतो. 'जावई' हा शब्द तुम्ही कधी वापरला नाहीत. मीच वापरते आहे.

तुम्ही कोर्टात लिहून दिलं होतंत, माझ्या मुलीला पळवून नेऊन डांबून ठेवलं आहे, तिला हजर करा. डांबून! हिनकल गावातल्या आमच्या त्या एका खोलीची कडीसुद्धा नीट लागत नसे. मी सकाळी शाळेत शिकवायला जायची, संध्याकाळी भाजी घेऊन परतायची. तेवीस वर्षांची होते, लग्न रजिस्टर झालं होतं. नवरा टी. नरसीपूरचा, आपल्या जातीचा नाही, आपल्या भाषेचा नाही, एवढाच त्याचा गुन्हा. तरी एक दिवस दोन पोलीस आले, त्यांत एक बाई, आणि आम्हा दोघांना बंगळूरच्या हायकोर्टात घेऊन गेले. वाटेत त्या बाईनं विचारलं, "वडिलांना कशाला दुखवलंस गं?" मी खिडकीबाहेर बघत बसले.

कोर्टाच्या व्हरांड्यात तुम्ही बाकावर बसला आहात. अंगात कोट आहे. आपल्या चामराजपुरम पेठेतल्या अर्ध्या नवरदेवांचे कोट तुमच्या शिवणाच्या मशीनवर झाले, पण तुमच्या अंगावर कोट मी पहिल्यांदा बघते आहे. वकिलानं सांगितलं असणार. शेजारी आई, पदर तोंडाशी. मी समोरून जाते तर तुम्ही उठून उभे राहता, कुणी मोठं माणूस आल्यासारखे.

जज्ज वयस्कर होते. चेंबरमध्ये मला एकटीला बसवून त्यांनी कन्नडात विचारलं, वय किती, कुणी धमकावलं का, स्वतःच्या मनानं गेलीस का. मी सगळ्याची उत्तरं दिली. मग ते बाहेर गेले आणि तुम्हाला आत पाठवलं. दहा मिनिटं. दाराशी फक्त ती पोलीसबाई.

तुम्ही आधी म्हणालात, "जेवलीस का?"

मी मान हलवली.

"घरी चल बाळ. साकु, पुरे आता हे. कुणी काही विचारणार नाही. मीसुद्धा नाही."

आणि मी तुम्हाला कन्नडात उत्तर दिलं. "नानु बरल्ला." मी येणार नाही. जन्मात तुमच्याशी मी मराठीखेरीज बोलले नव्हते. मराठीत ते वाक्य माझ्या तोंडून निघालं नसतं, अण्णा, म्हणून. तुम्हाला वाटलं असेल, पोरगी परकी झाली. तुम्ही माझ्या ब्लाउजकडे बघितलंत. दुकानातून तयार घेतलेला होता तो. "काखेत ओढतोय," एवढंच म्हणालात आणि बाहेर गेलात.

मुलगी सज्ञान आहे, तिला हवं तिथं जाईल, असं जज्जांनी सांगितलं. केस संपली. नवऱ्यानं माझा हात धरला तेव्हा तुम्ही कोट काढून हातावर घेऊन पायऱ्या उतरत होता. आई दोनदा वळली. तुम्ही नाही.

तो माणूस चांगला निघाला, हे तुम्हाला सांगायचं राहिलं. त्यानं मला कधी एकटं पाडलं नाही. मराठीतलं एकच वाक्य त्याला यायचं, "चहा ठेवू का?" आता तेही कुणी म्हणत नाही. काही दिवस तर मी तोंडातून शब्दच काढत नाही, संध्याकाळी कुकरची शिट्टी झाली की दचकते.

तुम्ही गेल्याचं मला तिसऱ्या दिवशी कळलं. पुढं आई माझ्याकडे येऊन राहिली, शेवटपर्यंत. एकदा शेंगा सोलता सोलता म्हणाली, "तुझं नाव काढायचे नाहीत ते. पण मला एक नेहमी सांगायचे. जज्जांनी विचारलं, वडिलांना भेटतेस का, तर लगेच हो म्हणाली बघ. तेवढी माया होती तिला."

मी मान खाली घालून शेंगा सोलत राहिले. आईला शेवटपर्यंत खरं सांगितलं नाही. हे पत्र कुठं जायचं नाही, म्हणून इथं लिहिते. जज्जांनी विचारलं होतं, अण्णा. मी नको म्हणाले होते. दोनदा. त्यांनीच माझं ऐकलं नाही.