चार शब्दांचा कागद

८ जून १९४४
लंकाबाईचा नवरा ब्रह्मदेशात लढाईत पडला. तिला आज सांगितलं. तसा सरकारी कागद येऊन नऊ दिवस झाले होते! परवा वटपौर्णिमेला ती उपाशीपोटी भिंगारच्या वडाला दोरा गुंडाळून आली, आणि फॅमिली लाइनीतल्या, म्हणजे शिपायांच्या बिऱ्हाडांतल्या, निम्म्या बायकांना तेव्हाच ठाऊक होतं. नळावर कुणी धड बोलेना म्हणून ती मला विचारत होती, बाई, माझं काय चुकलं? मलाही माहीत नव्हतं, शपथ.

आणि कागद कुठे होता? आमच्या आप्पांच्या टेबलाच्या खणात. पलटणीच्या कचेरीचे हेडक्लार्क ना ते!

९ जून
आप्पांशी भांडले, भर जेवणात. असंच चालत आलंय म्हणे. पाकीट कचेरीत फोडायचं, मग सुभेदारांना सांगायचं, मग गावाकडून सासऱ्याला बोलवायचं, आणि चार माणसं जमली की बाईच्या कानावर घालायचं. "बाईमाणूस कोसळतं, सरोजिनी. तुला काय कळतंय?"

काय कळायचं राहिलंय? नवरा तिचा, आणि बातमी आधी सगळ्या छावणीला! मी ताटावरून उठले. आई मध्ये पडली नाही, नेहमीप्रमाणे.

१२ जून
लाइनीत मी शिवण आणि अक्षरओळख शिकवते, त्याला वर्ष झालं. वर्षभर कमळ नि बदक गिरवतोय. एकीच्याही डोक्यात राहत नाही — इथे कमळ पाहिलंय कुणी? आज पुस्तक मिटलं. फळ्यावर लिहिलं — बराक. गारद. रजा. कूच. रोज तोंडात असलेले शब्द! तासाभरात सगळ्या वाचायला लागल्या. छबूबाईनं 'रजा' दोनदा वाचलं. ह्यो शबुद लई दिसांनी ऐकला, म्हणाली, आणि सगळ्या हसल्या. तिचा नवरा गोरक्ष दोन वर्षं घरी आलेला नाही.

१५ जून
त्या कागदाचा कोरा नमुना आप्पांच्या खणातून आणला. चोरलाच म्हणा. छापील मराठी आहे. ठार, जखमी, बेपत्ता, कैद — चार शब्द. लागू नसतील ते तीन शाईनं खोडतात. म्हणजे बाईला उरलेला एक शब्द वाचता आला की झालं! उद्या फळ्यावर हेच.

१६ जून
लिहिले. चारही लिहिले. रतनबाई तडक उठून गेली. असले शब्द लिहून घरात अवदसा आणता का, म्हणाली. बाकीच्या बसून राहिल्या.

१९ जून
रतनबाई परत आली. पाटी घेऊन बसली.

३० जून
आप्पांना कळलं. वर्ग बंद करवतो म्हणतात. करवा! लिंबाखाली घेईन.

१४ जुलै
आज आम्ही अकरा जणी कचेरीवर गेलो. अर्ज बायकांनी स्वतः लिहिला — आमचे पाकीट न फोडता आमच्या हातात द्यावे. खाली अकरा सह्या, अंगठा एकही नाही. आप्पांनी पलटणीच्या साहेबाला सांगितलं की यांना वाचता येत नाही, नुसतं घोकून आल्या आहेत. माझ्यादेखत सांगितलं! साहेबानं कोरा नमुना मागवला, तीन शब्द खोडले आणि पुढे धरला. मी बोलायला तोंड उघडलं तोच छबूबाईनं कागद ओढून घेतला. डोक्यावरचा पदर सारखा केला नि वाचलं, "जखमी." मग कागद टेबलावर ठेवून साहेबाकडे बघत उभी राहिली.

हुकूम झाला. सही करील तिला पाकीट बंदच मिळणार! मी आप्पांच्या चार पावलं पुढे चालत घरी आले.

१८ जुलै
त्या दिवसापासून आप्पांचा अबोला. माझाही.

२ ऑगस्ट
छबूबाई वर्गाला आली, आपल्या जागी बसली, पाळी आली तेव्हा धडाही वाचला. सगळ्या गेल्यावर मागे राहिली. सकाळी पाकीट आलं, म्हणाली. सही केली, दार लावून घेतलं, वाचलं. तीन शब्द खोडले होते. 'ठार' तेवढा ठेवला होता.

मी तिच्यासाठी पाणी आणायला उठले. तिनंच मला पाणी दिलं.

"लाइनीत अजून कुनालाच ठाऊक न्हाई, बाई. आदी मला कळलं," ती म्हणाली. "आता जाती, आन माझ्या तोंडानं सांगती समद्यांना."