क्रूर सेनापतीचं तिसरं भाषण

लंडन, ९ नोव्हेंबर १९५४

प्रिय हिल्माताईस,

तुझ्या धाकट्या भावाचा, आर्वीचा नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? चर्चमधला ऑर्गन अजून तूच वाजवतेस ना? आपलं सरोवर आता गोठायला लागलं असेल. मी इथे मजेत आहे. (सर्दी आहे, पण लंडनमध्ये ती सगळ्यांनाच असते, तिला आजार म्हटलं तर लोक हसतात.)

माझं काम जोरात चाललंय. नऊ वर्षांत एकोणीस चित्रपट झाले, त्यांतल्या चौदांत मी मेलो. इंग्रजांच्या लेखी सगळे परदेशी एकाच गावचे, त्यामुळे मी ग्रीक तस्कर झालो, रशियन कर्नल झालो, पोर्तुगीज वेटर तर तीनदा झालो. फिनलंडचा माणूस मात्र एकदाही झालो नाही. घरमालकीण मिसेस टिडमार्श मला अजून पोलिश समजतात. माझा प्रत्येक चित्रपट पाहून येतात आणि जिन्यातच गाठतात, "काय हो, या वेळी पहिल्या अर्ध्या तासातच गेलात!" इतक्या आस्थेनं माझी चौकशी दुसरं कुणी करत नाही, म्हणून मी टोपी काढून त्यांचे आभार मानतो.

आता मुद्द्याचं. नव्या चित्रपटात मी कुठल्याच नकाशात नसलेल्या एका राज्याचा सेनापती आहे. नायकाला बांधून माझ्यासमोर आणतात आणि मी त्याला मृत्युदंड फर्मावतो. लेखकानं त्या राज्याला झेंडा दिला, गणवेश दिले, भाषा द्यायची राहून गेली. दिग्दर्शक मिस्टर कॅथकार्ट म्हणाले, "अहो, तुम्ही घरी बोलता तसंच बोला. लोक आपोआप घाबरतील." पहिल्या वेळी मी आईच्या हातच्या माशाच्या पावाची कृती ओरडून सांगितली. (मीठ सांगायचं विसरलो. तू असतीस तर तिथेच टोकलं असतंस.) कॅथकार्ट म्हणाले, "फार मवाळ!" दुसऱ्या वेळी आपल्या इसाल्मीपासून कुओपिओपर्यंतची सगळी रेल्वे स्टेशनं ओळीनं म्हटली. "अजून निर्दय होऊ द्या!" तिसऱ्या वेळी काय बोललो ते इथे लिहीत नाही. इतक्या वर्षांत आपली भाषा मी कुणाशी मोठ्यानं बोललोच नव्हतो, ताई. तोंड उघडलं आणि भलतंच बाहेर पडलं, डोळ्यांत पाणीही आलं. कॅथकार्ट खुर्चीतून उठून ओरडले, "वा! काय नीच माणूस आहे!" आणि तेच ठेवलं.

मीही सगळ्यांबरोबर हसलो. पण आज कळलं की हा चित्रपट नाताळात इसाल्मीला लागणार आहे. लंडनला जे कळलं नाही ते आपल्या गावातल्या शेंबड्या पोरालाही कळेल. 'मोठा नट झाल्याशिवाय तोंड दाखवू नकोस' असं तू स्टेशनवर बजावलं होतंस, आणि आता तेच तोंड पडद्याएवढं होऊन तुझ्यासमोर येणार! तेव्हा तू जाऊ नकोस. भजनमंडळातल्या बायकांनाही सांग, चित्रपट टाकाऊ आहे. मला स्वतःला येणं शक्य नाही, हातात फार कामं आहेत. (पुढच्या महिन्यात एका कटात सामील व्हायचं आहे.)

मिसेस टिडमार्श जेवायला हाक मारताहेत. आजही उकडलेला कोबीच आहे, वासावरून कळतंय.

तुझा,
आर्वी

ता. क. जाणारच असशील तर पहिल्याच दिवशी जा आणि एकटी जा. नायकाचे हात बांधले की विणकाम बाजूला ठेव.

ता. क. २. कट वगैरे काही नाही. मार्चपासून मला कुणी बोलावलेलं नाही. तिसऱ्या वेळी मी नायकाला म्हणालो ते असं: "हिल्मा, तुझ्याशी भांडून निघालो ते चुकलं. इथे दिवसचे दिवस माझं नाव कुणी घेत नाही. वरची खोली रिकामी असेल तर येऊ का?" मग सैनिक त्याला घेऊन जातात.

ता. क. ३. खोली कुणाला दिली असलीस तर कारणं लिहीत बसू नकोस. 'काम छान झालंय' एवढंच लिही. मी समजेन.